हातचं राखलेलं बी

मार्बल फॉल्स, टेक्सस
२४ मार्च १९८७

प्रिय सुनेत्रा,

तुझं पत्र मिळालं. इतक्या वर्षांनी तुझं ते तिरकं, घाईचं अक्षर पाकिटावर पाहिलं आणि पाकीट फोडायच्या आधी मी चहा टाकला. नागपूरला हॉस्टेलवर तुझी चिठ्ठी आली की मी धावत जिना उतरायचे. आता गुडघे तसे राहिले नाहीत, आणि तूही राहिली नाहीस. चहा पिऊन झाल्यावर वाचलं, एकदा भरभर आणि मग सावकाश. शेवटी तू विचारलं आहेस, "सरले, तू सांगितलंस तस्संच सगळं केलं, मग अंगण उघडं का? माझं काय चुकलं?" तुझं काहीही चुकलेलं नाही. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे बाकीचं पत्र तू शांतपणे वाचशील.

संकट मोठं आहे, हे मला मान्य आहे. अकरा एप्रिलला दीपाचं लग्न. दीपा माझ्या पोटची मुलगी, पण तिच्या लग्नाची तारीख तू मला अशी कळवली आहेस, जशी लांबच्या नात्यातल्या बाईला कळवतात. पोरीने गेल्या उन्हाळ्यात बापाला अट घातली होती: लहानपणी जिथे दर वर्षी तिचा फोटो काढायचो, त्या अंगणात ब्लूबॉनेट फुललेलं असेल तरच लग्न शुगर लँडच्या घरी, नाही तर मग बघू. उल्हासने लेकीसाठी आपलं लाडकं लॉन उपटलं, ट्रकभर रेती आणि खडी आणून ओतली, कॉलनीच्या असोसिएशनने नोटीस धाडली तीही खिशात घातली. आणि एवढं करून पत्रपेटीजवळ चार रोपं! बाकी नुसती रेती. घर बांधता बांधता कॉन्ट्रॅक्टर पळून गेल्यासारखं दिसतं, असं तू लिहिलं आहेस. मला वाचून हसू आलं. खोटं कशाला बोलू?

हे फूल आपल्यासारख्या बायकांना समजायला वेळच लागतो. आम्ही ते घर घेतलं त्या वसंतात उल्हासने आम्हाला ब्रेनहॅमच्या रस्त्याने फिरायला नेलं होतं. हायवेच्या कडेला, टेकड्यांच्या उतारावर, कुंपणाच्या तारांखाली, जिथे गवतसुद्धा नाइलाज म्हणून उगवतं अशा सगळ्या जागी निळंच निळं. मी गाडीतच ठरवलं की हे दारात हवं. बी आणलं आणि तुळशीचं करतात तसं त्याचं सगळं केलं. मऊ भुसभुशीत माती, दुकानातून आणलेलं शेणखत, सकाळ-संध्याकाळ पाणी. निरांजन ओवाळायचं तेवढं राहिलं होतं. जी थोडी रोपं आली त्यांतली अर्धी किड्यांनी खाल्ली, अर्धी मुळाशी कुजली. दुसऱ्या वर्षीही तेच. तिसऱ्या वर्षी वैतागून उरलेलं बी मी ड्राइव्हवेपलीकडच्या खडीच्या ढिगावर भिरकावलं आणि विसरून गेले. दीपा तेव्हा नऊ वर्षांची होती, रोज शाळेतून आली की त्या ढिगावरून सायकल दामटायची. मार्च उजाडला आणि ढीग निळा झाला. खडीत, खताशिवाय, पाण्याशिवाय. मी मिसेस अमुकतमुक म्हणून या देशात आल्यापासून पहिल्यांदा काहीतरी माझं म्हणून उगवलं होतं, म्हणून मी त्या ढिगापाशी उभी राहून रडले.

मग दर वर्षी तो फोटो सुरू झाला. इथल्या सगळ्यांचीच ती पद्धत, मुलांना ब्लूबॉनेटमध्ये बसवून फोटो काढायचा. आम्ही दीपाला परकर-पोलक्यात बसवायचो. पहिल्या वर्षी ती हसली, पुढे एक वर्ष दात पडलेले म्हणून तोंड मिटून बसली, आणि तेरा-चौदाव्या वर्षी "आई, धिस इज सो एम्बॅरसिंग" म्हणत का होईना, बसली. ढीग पसरवून मी हळूहळू अर्धं अंगण निळं केलं. उल्हास पाहुण्यांना अभिमानाने दाखवायचा. एकही फूल तोडू नका हं, इथे पोलीस पकडतात, असं डोळे मोठे करून सांगायचा. असा कायदा मुळात नाहीच म्हणे, पण त्याचा विश्वास होता.

आणि मग तू आलीस. लग्न मोडून, दोन सुटकेसी घेऊन, आमच्या पाहुण्यांच्या खोलीत महिनाभर राहायला म्हणून आलीस आणि जवळजवळ वर्षभर राहिलीस. मला किती बरं वाटलं होतं! मंडळातल्या बायकांशी मी हळदीकुंकवापुरतं बोलायचे, तुझ्याशी मात्र भांडी घासता घासता पोटातलं सगळं बोलायचे. तूही मला सगळं सांगायचीस. पहिला नवरा कसा होता ते, ऑफिसमधला तो टकलू साहेब कसा बघतो ते, तुझी पाळी, तुझी स्वप्नं, तुझ्या आईची पत्रं. दीपा तुला मावशी म्हणायला लागली, तेही मीच शिकवलं. तुझ्यात एक खोड होती, ती मला तेव्हाच दिसायला हवी होती. आठवतात दिवाळीचे अनारसे? गूळ मिळत नाही म्हणून ब्राउन शुगर घालून तू करायचीस आणि सगळ्यांची वाहवा मिळवायचीस. तू मला कृती अगदी हौसेने सांगितलीस. तांदूळ तीन दिवस भिजवायचे, रोज पाणी बदलायचं, ओलसर असताना दळायचे, सगळं. या ब्राउन शुगरला पाणी सुटतं, ती मापाला कमी घ्यायची, एवढंच तेवढं राहून गेलं. मंडळाच्या दिवाळीत माझे अनारसे कढईत हसले, तुपात त्यांचा चुरा झाला, आणि तू माझ्या पाठीवर हात ठेवून म्हणालीस, "अगं, होतं असं, हात बसावा लागतो." हातचं राखून कृती सांगणाऱ्या बायका मी माहेरीही पाहिल्या होत्या. तू त्यातली असशील असं वाटलं नाही, एवढंच.

बाकीचं मला थोडं थोडं कळत गेलं. उल्हास वरणावर लिंबू पिळून घ्यायला लागला, ती तुझी सवय. गाडीतली बाजूची सीट मी पुढे ओढून ठेवायचे, ती मागे गेलेली असायची. मार्चमधल्या एका मंगळवारी तो साइटवर जाऊन आला म्हणाला आणि मी गाडी झाडायला घेतली तर बाजूच्या सीटखालच्या पायपुसण्यात निळ्या पाकळ्या. तेलाच्या विहिरीपाशी ब्लूबॉनेट फुलतं का गं? मी ते तुलाच येऊन सांगितलं. दुसऱ्या कुणाला सांगणार होते? तू माझा हात हातात घेतलास आणि म्हणालीस, "थोडी वाट बघ, सरले. त्याला कामाचा ताण आहे. वेळ लागतो." मी वाट बघितली. वर्षभर. तुझ्या सांगण्यावरून.

नवरा गेला त्याचं मला वाईट वाटलं, पण ते वाईट वाटणं विरत गेलं. लेकीचा बाप म्हणून मी आजही त्याच्याशी फोनवर नीट बोलते. तुझा राग मात्र सहा वर्षांत कणभर कमी झालेला नाही, आणि तो कमी व्हावा असा प्रयत्नही मी केलेला नाही. मी घर सोडलं तो एप्रिल होता. फुलं नुकतीच सरली होती, शेंगा हिरव्या होत्या. हे फूल वर्षाचं असतं, सुनेत्रा. शेंगा तपकिरी होऊन तडकेपर्यंत अंगण महिनाभर वाळलेलं, घाणेरडं दिसू द्यावं लागतं, तरच पुढच्या वर्षीचं बी जमिनीत पडतं. उल्हासला हे मी दर वर्षी सांगायचे. माझं सामान गेलं त्याच आठवड्यात, तू यायच्या आधी दार कसं स्वच्छ दिसावं म्हणून त्याने त्यावरून मशीन फिरवलं. फूल तोडलं तर पोलीस येतात म्हणणारा माणूस! दीपाने मला फोनवर सांगितलं आणि ती रडली. शाळेचं शेवटचं वर्ष होतं म्हणून ती तुमच्याकडे राहिली होती. माय मरो आणि मावशी जगो म्हणतात. इथे माय मेली नव्हती, चार तासांच्या रस्त्यावर हॉस्पिटलच्या लॅबमध्ये रक्त तपासत होती.

आदल्या वर्षीचं बी माझ्याकडे एका डब्यात होतं, ते मी इथे आणलं. इथली जमीन सगळी दगडाची आणि चुन्याची. घराच्या मागे लहानशी टेकडी आहे, तिच्यात कुदळ मारली तर ठिणगी उडते. घर दाखवणारा माणूस मला म्हणाला होता, बाई, इथे काही उगवणार नाही. मला असलीच जमीन हवी होती. आता ती टेकडी दर मार्चला पायथ्यापासून माथ्यापर्यंत निळी होते. शेजारपाजारचे लोक मुलं घेऊन फोटो काढायला येतात. त्यांना मी चहा देते, आलं घातलेला, आणि ते नाकं मुरडत पितात.

गेल्या ऑगस्टमध्ये दीपा ऑस्टिनहून आली ती राजीवला घेऊनच. मुलगा शांत आहे, आईवडील नेपरव्हिलला डॉक्टर, मला आवडला. मी पोळ्या लाटत होते आणि ती ओट्यावर बसून लग्नाचं सांगत होती. बाबाच्या अंगणात करायचं, फुलं असतील तर. मग सहज म्हणाली, कन्यादानाला बाबा आणि सुनेत्रा मावशी बसतील, कपल लागतं ना, मावशी म्हणाली. "इट्स जस्ट अ रिच्युअल, आई. तू पुढच्या रांगेत बस. यू डोन्ट माइंड, ना?" तिला बिचारीला ठाऊक नाही की कन्यादान म्हणजे काय. ते तुला ठाऊक आहे. मी पोळी उलटली आणि म्हटलं, मला काय त्याचं, तू सुखी असलीस की झालं. तो तवा किती तापला होता हे माझ्या बोटांनाच माहीत.

सप्टेंबरात तुझा फोन आला. सहा वर्षांत पहिला. आवाज कसा मध घातलेला! मंडळाचा पाडवा या वर्षी आमच्या घरी आहे गं, अंगणात तुझी ती निळी फुलं असती तर किती शोभा आली असती, कशी लावायची ते सांगशील का? लग्नाचं अवाक्षर नाही. मी वाट बघत होते, की आता तरी म्हणशील, सरले, दीपाचं लग्न आहे, तिची इच्छा आहे. म्हणाली असतीस तर कदाचित हे पत्र वेगळं झालं असतं. पण तू पाडव्यालाच चिकटून राहिलीस. मग मीही जीव ओतून सांगितलं. लॉन काढून टाक, गवताशी या फुलाचं जमत नाही. तुमच्याकडची चिकण माती नको, रेती-खडी टाक, पाणी साचता कामा नये. दिवसभर ऊन हवं. खत अजिबात नको, खत घातलं तर नुसती पानं येतात. ऑक्टोबरात पेर, फार खोल नाही, वरच्यावर टाकून पायाने दाब. थंडीत रोपं जमिनीसरशी बसकी राहतात, तण समजून उपटू नकोस. तू लिहून घेत होतीस, मधेमधे "हं, हं" करत होतीस. बी बाजारातून आणू नकोस, मी माझ्या टेकडीवरचं पाठवते, असंही मी म्हटलं. कॉफीचा मोठा डबा काठोकाठ भरून पाठवला. तू रडवेली होऊन म्हणालीस, "सरले, तुझं मन किती मोठं आहे."

नोव्हेंबरात पुन्हा तुझा फोन. चारच रोपं आली, पुन्हा पेरू का? वेळ अजून गेलेली नव्हती. त्या दिवशी मी तुला एक वाक्य सांगितलं असतं तर आज तुझं अंगण निळं असतं. दीपाचं मन मला दिसत होतं, तिला त्याच जागी उभं राहायचं होतं जिथे ती परकर-पोलक्यात बसायची, आणि त्यापायी मी क्षणभर घुटमळले. मग मला तुझा हात आठवला, माझ्या हातावरचा. मी म्हटलं, "थोडी वाट बघ, सुनेत्रा. वेळ लागतो."

गेल्या शनिवारी दीपा तुमच्याकडे येऊन गेली. ती काही बोलली नाही, म्हणजे तिला चालेल, असं तुला वाटलं असेल. ती बापाला वाईट वाटेल म्हणून बोलली नाही. तिथून निघाली ती सरळ इकडे आली. संध्याकाळचं ऊन टेकडीवर होतं. गाडीतून उतरली, फुलांमधून चालत माथ्यावर गेली आणि तिथल्या दगडावर बसली. मी खालूनच बघत होते. खाली आली तेव्हा तिच्या पँटच्या घोट्यांना पाकळ्या चिकटल्या होत्या, आणि ती म्हणाली, "आई, हीअर. मला इथेच लग्न करायचंय." रविवारी तिने ह्यूस्टनला जगन्नाथ गुरुजींना फोन लावला. सोमवार ते शुक्रवार ते कॉम्प्युटरवर असतात, शनिवार-रविवारी सोवळ्यात. इथे यायला ते तयार झाले, पण कन्यादानाला जोडपं हवं म्हणाले. दीपाने विचारलं, एखाद्याची बायको नसेल तर? गुरुजी म्हणाले, तर त्याने कनवटीला सुपारी लावून बसायचं, तिच्या जागी. ही म्हणाली, "देन गिव्ह माय मदर अ सुपारी." गुरुजी म्हणाले, बाईने तसं केलेलं मी पाहिलेलं नाही, पण चालवून घेऊ. तेव्हा दीपाचं कन्यादान मी करणार आहे, कमरेला सुपारी खोचून. आणि उल्हासपेक्षा सुपारी बरीच, ती एकदा खोचली की उठून दुसऱ्याच्या पाटावर जाऊन बसत नाही. दीपा बापाला गुरुवारी फोन करून सगळं सांगेल. इथल्या पद्धतीने बाबाने तिचा हात धरून तिला मंडपात आणावं, असं तिला वाटतं. त्याने आणावं, माझी हरकत नाही. तूही ये. पुढच्या रांगेत तुझी खुर्ची ठेवायला मीच सांगितलं आहे. कन्यादान नीट दिसेल तिथून.

आता तुझ्या प्रश्नाचं उत्तर, कारण हे पत्र मी तेवढ्यासाठीच लिहायला घेतलं. ब्लूबॉनेटचं बी तांदळातल्या खड्यासारखं कठीण असतं. पाऊस दोन दिवस पडून गेला म्हणून फसून उगवू नये, यासाठी देवाने त्याला तसलं कवच दिलं आहे. पेरायच्या आधी ते सँडपेपरवर घासावं लागतं, नाही तर कढत पाण्यात रात्रभर भिजत घालावं लागतं. शुगर लँडच्या त्या ढिगावरचं बी दीपाच्या सायकलखाली खडीत घासलं गेलं होतं, म्हणून उगवलं. इथे मी दर ऑक्टोबरला मागच्या पायरीवर बसून सगळं बी घासते, बोटं सोलवटून निघतात. तुला पाठवलेल्या डब्यातलं एकही मी घासलं नव्हतं. तू मला सगळं सांगायचीस ना, एक सोडून? मीही तुला सगळं सांगितलं, एक सोडून. आणि ते बी मेलेलं नाही बरं का. ते तुझ्या दारात पडून आहे, खडीत खडीसारखंच दिसतं, वेचून काढता यायचं नाही. या वर्षी चार रोपं आली, पुढच्या वर्षी आणखी काही येतील, त्याच्या पुढच्या वर्षी आणखी. लॉन पुन्हा लावलंत तरी त्यातून डोकं काढतील, कधी पत्रपेटीपाशी, कधी अगदी पायरीला लागून. दर मार्चला दार उघडशील तेव्हा माझं एखादं फूल तिथे असेल. एकदम नाही, थोडं थोडं. मलाही तसंच कळलं होतं.

तू जशी माझीच होतीस, तशी तुझीच,
सरला